सव्वा म्हणजे सव्वा काय? एका घरच्या कानबाईच्या रोटांचा हिशेब

खान्देशात श्रावणातल्या नागपंचमीनंतरच्या पहिल्या रविवारी कानबाई ही कुळाची देवी बसते. कुठे तिला कानुबाई म्हणतात, तर कुठे नुसतं ‘रोट’ म्हटलं तरी पुरतं. ज्या कुळात रोट आहेत तिथे घरातल्या पुरुषांची नावं घेऊन, प्रत्येक नावाला सव्वा माप गहू काढले जातात. त्या गव्हाचा नैवेद्य होतो, त्यालाच रोट म्हणतात; तो त्याच कुळातल्या माणसांनी खायचा आणि श्रावणी पौर्णिमेच्या आत संपवायचा. अमळनेर तालुक्यातल्या एका घरी २०२३ साली ‘सव्वा’ या एका शब्दावरून जे घडलं आणि ते कसं निभावलं गेलं, त्याची ही मांडणी. घराची ओळख पटेल असे तपशील गाळले आहेत.

घर आणि त्याची रीत

चार चुलींचं हे भाऊबंद. एक चूल गावात, एक जळगावला, एक सुरतला, एक पुण्याला. रोटांची नावं एकोणीस: गावची सहा, जळगावची चार, सुरतची सहा, पुण्याची तीन. या एकोणिसांत दोन मुली आहेत. पुण्याच्या घरात मुलगा नाही, आणि मोठ्या मायने काही वर्षांपूर्वीच सांगून टाकलं होतं की त्या दोघींची नावं धरायची. भाऊबंदांत एकानेही त्याला हरकत घेतली नाही. ज्या घरांत अजून हा प्रश्न निघतो त्यांनी हे जरूर लक्षात घ्यावं. नाव धरणं हा घरातल्या थोरल्या बाईचा अधिकार आहे, आणि तिने एकदा शब्द टाकला की बाकीचे बहुधा मान्य करतात.

बायका, लेकरं धरून रोट खाणारी तोंडं छत्तीस: गाव अकरा, जळगाव आठ, सुरत अकरा, पुणे सहा. याखेरीज लग्न होऊन गेलेल्या चार लेकी दरवर्षी येतात. त्यांचं कूळ बदललं म्हणून या घरात त्यांना रोट देत नाहीत. त्यांच्यासाठी साध्या पिठाच्या पोळ्या वेगळ्या होतात. पोळ्या लाटायला, मांडे हातावर फिरवायला मात्र त्या पुढे असतात, रात्रभर कानबाईची अहिराणी गाणीही त्याच म्हणतात. स्वतःच्या हाताने केलेला घास तोंडात घालता येत नाही, हे त्यांना लागतं. तसं लागणं योग्यच आहे, आणि एवढ्या एका बाबतीत ही रीत बदलली तर कानबाई रुसेल असं वाटत नाही. पण २०२३ साली तरी रीत हीच होती आणि पुढचा हिशेब तिला धरूनच आहे.

माप होतं सव्वा मूठ. मोठी माय गव्हाच्या कोठीसमोर बसायची, नाव घ्यायची, एक मूठ भरून सुपात टाकायची, वर चिमूटभर जास्त. चाळीस वर्षं तिच्याच हाताने हे झालं होतं, त्यामुळे ‘मूठ’ हा शब्द उच्चारायची वेळ कधी आलीच नव्हती. सगळे नुसतं ‘सव्वा सव्वा’ म्हणायचे.

काय घडलं

त्या वर्षी अधिक श्रावण आला होता, १८ जुलैपासून १६ ऑगस्टपर्यंत. निज श्रावणातली नागपंचमी सोमवारी, २१ ऑगस्टला. म्हणून रोटांचा रविवार २७ ऑगस्ट. मोठ्या मायचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं, ती जळगावच्या घरी. धूर, धूळ, वाकणं, सगळं बंद. गावातल्या सुनेने गुरुवारी फोन करून विचारलं, गहू किती काढू? उत्तर आलं, “दर नावले सव्वा सव्वा लेजो, नाव लिसन लेजो.” (दर नावाला सव्वा सव्वा घे, नाव घेऊन घे.)

सुनेचं माहेर दोंडाईच्याकडचं. तिच्या माहेरी कानबाई आहे आणि तिथलं माप सव्वा शेर. तिने शेराचा किलो केला (खरं तर शेर म्हणजे ९३३ ग्रॅमच्या आसपास, पण बोलण्यात कोणी तो फरक करत नाही) आणि देवासमोर दिवा लावून, एकेक नाव घेऊन, एकोणीस वेळा सव्वा किलो गहू तोलले. झाले पावणेचोवीस किलो. चण्याची डाळ दर नावाला पाव किलो, म्हणजे पावणेपाच किलो. गहू धुतले, माजघरात सुती धोतरावर पसरून पंख्याखाली वाळवले. शनिवारी सकाळी चक्कीवाल्याने रिवाजाप्रमाणे चक्की झाडून-पुसून, आधी मूठभर गहू फिरवून ते पीठ बाजूला काढलं आणि मग दळण दळून दिलं. शनिवारी दुपारी मोठी माय गावी आली तेव्हा ओसरीवर दोन मोठे डबे होते, मिळून सुमारे २३ किलो पीठ.

मुठीच्या मापाने दीड किलोही झालं नसतं.

सुनेला बोल लावावा असं यात काही नाही. तिने विचारलं होतं, जे ऐकलं ते केलं, आणि जिथे शब्द अपुरा पडला तिथे स्वतःच्या आईच्या घरची रीत वापरली. चूक होती ती मापाचं एकक कोणाच्या तरी हातात ठेवून नुसता आकडा पुढे देण्याची. खान्देशात शेजारच्या दोन गल्ल्यांत रोटांची मापं वेगळी असतात: कुठे मूठ, कुठे शेर, कुठे पुरणाचे रोट, कुठे भाजी-भाकरीचे. एका घरातून दुसऱ्या घरात आलेल्या बाईला नुसतं ‘सव्वा’ सांगणं म्हणजे अर्धंच सांगणं.

अडचण नेमकी कुठे होती

तेवीस किलो पीठ हा एरवी काही मोठा बोजा नाही. एकत्र जेवणारं घर महिन्याभरात सहज संपवतं. इथे तीन गोष्टी एकत्र आल्या.

पहिली गोष्ट दिवसांची. नागपंचमी ही शुद्ध पंचमी, पौर्णिमा पंधरावी. मध्ये दहा दिवस असतात, पण रोटांचा रविवार त्यात कुठे पडेल हे वारावर ठरतं. नागपंचमी शनिवारी आली तर रविवार दुसऱ्याच दिवशी, षष्ठीला. रोट संपवायला नऊ दिवस मिळतात. ती रविवारीच आली आणि घराने पुढचा रविवार धरला तर द्वादशी, हातात तीन दिवस. सोमवारी आली तर रविवार एकादशीला जाऊन बसतो. तिथीचा क्षय किंवा वृद्धी असेल तर एखादा दिवस इकडेतिकडे, पण ठोकताळा हाच. २०२३ साली तसंच झालं: २७ ऑगस्टला पुत्रदा एकादशी, आणि ३० तारखेला बुधवारी सकाळी अकराच्या सुमारास पौर्णिमा लागत होती. या घरात ‘पौर्णिमेच्या आत’ म्हणजे तिथी लागायच्या आत असं धरतात. रविवार संध्याकाळ ते बुधवारची न्याहारी, एवढाच अवधी.

दुसरी गोष्ट उपासांची. भाऊबंदांत चौघे माळकरी. मुक्ताईनगरची वारी करणारी माणसं, एकादशीला धान्य खाणार नाहीत. दुसरा दिवस श्रावणी सोमवार, त्या दिवशी नऊ जणांचा उपास, तो संध्याकाळी सुटणारा. कानबाईचं विसर्जन दरवर्षी श्रावणी सोमवारीच येतं, तेव्हा सोमवारच्या सकाळी खाणारी तोंडं कमी हे नेहमीचंच. त्यात रविवारही उपासाचा निघाला.

तिसरी गोष्ट टिकण्याची, आणि तिच्याकडे कोणाचंच लक्ष नव्हतं. रोटांचे गहू धुतलेले असतात. धुतलेला गहू वरून कोरडा लागला तरी आत ओल धरून असतो. दळताना चक्कीत पीठ तापतं, ती ओल बाहेर येते आणि गरम पीठ लगेच झाकलं तर डब्याच्या झाकणाला आतून पाणी सुटतं. चार-पाच दिवसांत कडेला गुठळ्या, मग आंबूस वास. २०२३ चा ऑगस्ट देशभर कोरडा गेला, १९०१ पासूनच्या नोंदींत सर्वांत कोरडा, म्हणून गहू पंख्याखाली तरी नीट वाळले. एरवीच्या झडीच्या श्रावणात तेवीस किलो धुतलेल्या गव्हाचं पीठ म्हणजे अळी-जाळीला आमंत्रण.

कोणते मार्ग सुचले आणि का सोडले

शनिवारी संध्याकाळी ओसरीवर बसून जे जे सुचलं त्यात पहिलं हे की दीड किलो पीठ रोटाचं धरावं, बाकीचं साधं म्हणून घरात वापरावं. मोठ्या मायने एकच विचारलं: तोलताना नाव घेतलं होतं का? घेतलं होतं, प्रत्येक सव्वा किलोवर. मग सगळंच रोट. गहू नुसते काढून ठेवले असते आणि नावं घ्यायची राहिली असती तर ही वाट मोकळी होती. म्हणून ज्यांना मापाबद्दल शंका आहे त्यांनी आधी धान्य काढून ठेवावं, विचारावं, आणि नाव सर्वांत शेवटी घ्यावं.

आळीला जेवण घालावं, हे दुसरं. एरवी या घराचा हात सढळ, पण रोट कुळाबाहेर जात नाहीत.

गुरांना घालावं, हे एका मुलाने सुचवलं. हे धोक्याचं आहे आणि इथे स्पष्ट लिहायला हवं, कारण सणानंतर उरलेलं पीठ, पुरण, पोळ्या गायीपुढे ओतायची पद्धत सगळीकडे आहे. रवंथ करणाऱ्या जनावराच्या पोटात पिठासारखं बारीक धान्य एकदम पडलं की ते भराभर आंबतं, पोटात आम्ल वाढतं, रवंथ बंद होतो, पोट फुगतं, आणि प्रमाण मोठं असेल तर जनावर दगावतं. सवय नसलेल्या गायीला एका वेळी अर्ध्या किलोच्या वर पीठ नको, तेही चाऱ्यासोबत. घरात गाय एक होती. तिच्यावर वीस किलोंचा भार टाकणं म्हणजे पुण्याच्या नावाखाली तिला मारणं.

नदीत सोडावं, हे शेवटचं. त्या वर्षी गावच्या नदीला डबक्यापुरतं पाणी होतं. त्यात पीठ सोडलं असतं तर दोन दिवसांत ते पाणी कुजलं असतं, आणि सोमवारी त्याच पाण्याशी कानबाई न्यायची होती.

उरला एकच मार्ग: कुळातल्या छत्तीस तोंडांनी खाऊन संपवायचं.

हिशेब

पाहुणे तीन दिवस राहिले असते तर प्रश्न नव्हता. पण सोमवारी दुपारनंतर सुरत, पुणे, जळगावची घरं निघणार होती. मंगळवारी शाळा, कामं. मोठ्या मायने इथे जो निर्णय दिला तो या प्रकरणातला कळीचा: रोट गावाला बांधलेले नाहीत, भाऊबंदांना बांधलेले आहेत. भाऊबंद जिथे जेवतील तिथे रोट जातील.

मग सुरतच्या मधल्या काकांनी वहीत आकडे मांडले. रविवारी रात्री जेवणारे बत्तीस, मांडे आणि नैवेद्य धरून साडेतीन किलो पीठ. सोमवारी न्याहारी, दुपारचं जेवण, उपास सोडणाऱ्यांचं संध्याकाळचं आणि जाणाऱ्यांच्या वाटेच्या दशम्या मिळून पाच किलो. तेवीसातून साडेआठ गेले, साडेचौदा उरले. छत्तीस तोंडांवर वाटले तर डोईमागे ४०० ग्रॅम. म्हणजे सुरतला चार किलो चारशे, गावात तेवढंच, जळगावला तीन किलो दोनशे, पुण्याला दोन किलो चारशे. आता मंगळवार सकाळ, मंगळवार रात्र आणि बुधवारची न्याहारी अशा तीन जेवणांत माणशी ४०० ग्रॅम पीठ खपवायचं. नुसत्या पोळ्यांनी हे होत नाही. एका जेवणात माणूस शंभर-एकशेदहा ग्रॅम पिठाच्या पोळ्या खातो. तिनांचे झाले तीनशे तीस, तेही सगळे धडधाकट धरून.

यावरचा उपाय खान्देशाच्या ताटातच होता. वरण-बट्टी. बट्टीत माणशी पावणेदोनशे-एकशेऐंशी ग्रॅम पीठ सहज जातं. मंगळवारी रात्री चारही घरी बट्टी, आणि बाकी दोन वेळा पोळी किंवा दशमी: ११०, १८०, ११०. बरोबर चारशे.

रविवारचा स्वयंपाक

कांदा-लसूण नाही. पुरणाचे मांडे, कटाची आमटी, तांदळाची खीर, चण्याची डाळ घालून गंगाफळाची भाजी, अळूची भजी. तीन किलो डाळीला तीन किलो गूळ. डाळ तासभर भिजवून, हळद आणि चमचाभर तेल घालून बोटाने दाबली की पीठ होईल इतकी शिजवली. कट निथळून घेतला. मग गूळ घालून पुरण आटवलं, पळी मध्ये उभी राहीपर्यंत. पुरण ओलं राहिलं तर मांडा हातावर फिरवताना भोक पडतं, फार कोरडं झालं तर पसरतच नाही आणि कडा रिकाम्या राहतात.

मांड्याचं पीठ वस्त्रगाळ लागतं. कोंडा राहिला की तो पिठाचा चिवटपणा ठिकठिकाणी तोडतो, आणि खापरावर टाकण्याइतका मोठा मांडा ताणताना नेमका तिथेच फाटतो. पण रोटाच्या पिठातला कोंडा फेकता येत नाही, तोही रोटच. साडेतीन किलोंतून निघालेला चारेकशे ग्रॅम कोंडा गायीच्या आंबोणात गेला. तो तिला चालतो. म्हणून मांड्यापुरतंच पीठ चाळलं, बाकीचं कोंड्यासकट ठेवलं. गहू लोकवन होते, कणीक मिठाच्या पाण्यात सैल भिजवून दोन तास झाकून ठेवली आणि मग तेलाचा हात लावून चांगली तिंबली.

चूल अंगणात, खापर पालथं. पहिले मांडे नैवेद्याचे, मग घरच्यांचे, आणि सगळ्यात शेवटी लेकींसाठी साध्या पिठाचे. हा क्रम उलटला तर साध्या पिठाची कणीक लागलेल्या परातीत रोटाची कणीक पडते आणि मग ती सगळी रोटात धरावी लागते. या वर्षी पीठ वाढणं परवडणारं नव्हतं, म्हणून परातीही दोन ठेवल्या, एकीच्या काठाला कुंकवाचं बोट लावून. मोठी माय धुरापासून लांब, ओट्यावर खुर्ची टाकून बसली होती. ऑपरेशन झालेल्या डोळ्यांना चुलीचा धूर नको, आणि हे बजावून सांगावं लागतं, कारण अशा दिवशी घरातली म्हातारी माणसं स्वतःहून लांब बसत नाहीत.

चौरंगावर कलश, त्यावर पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलं कानबाईचं नारळ, नथ, डोळे, मंगळसूत्र, नवं लुगडं. चौघा माळकऱ्यांनी आरती केली, नैवेद्याला हात जोडले आणि साबुदाणा खाल्ला. त्यांच्या वाटणीचे मांडे राखले नाहीत. पुरण ऑगस्टच्या उकाड्यात रात्रभर राहिलं तर सकाळी ताराळतं. त्यांच्यासाठी मूठभर डाळीचं पुरण सोमवारी द्वादशीला पहाटे वेगळं शिजवलं, पारणं त्याच्यावरच झालं.

सोमवारी सूर्योदयाला चौरंग अंगणात आला, आरती झाली, मग वाजतगाजत नदीवर. नारळ वस्त्रात गुंडाळून घरी परत, सोबत नदीची थोडी वाळू देवघरात ठेवायला.

घरोघरी काय झालं

अमळनेरहून उधन्याला जाणाऱ्या गाडीत सुरतचं घर बसलं तेव्हा पीठ स्टीलच्या डब्यात, डबा कापडी पिशवीत. पुण्याच्या घराने प्लास्टिकच्या पिशवीत नेलं. बस लांबची, पिशवी इंजिनाच्या बाजूच्या कप्प्यात. मंगळवारी सकाळी उघडली तर आतून दमट आणि एका कोपऱ्यात पिठाचा गोळा. वास आला नव्हता. पीठ परातीत पसरून पंख्याखाली तासभर ठेवलं, गुठळ्या चाळून काढल्या आणि त्या आधी वापरल्या. धुतलेल्या गव्हाचं पीठ प्रवासात न्यायचं तर रात्रभर उघडं ठेवून, पूर्ण गार करून, धातूच्या डब्यात न्यावं.

शहरातल्या घरांना मोठ्या मायने जे सांगून पाठवलं ते थोडक्यात असं: डबा वेगळा, झाकणावर खूण, कामाला येणाऱ्या बाईला त्यातली पोळी द्यायची नाही, तिच्यासाठी साध्या पिठाची आधी करून ठेवायची, कांदा-लसूण बुधवारपर्यंत नाही, परातीचं धुणं मोरीत न टाकता झाडाला. आणि शाळेच्या डब्यात रोट नाही. मुलं डबे वाटून खातात, त्यांना तसं करू नका म्हणणं वाईट, त्यापेक्षा डब्यात साधी पोळी द्यावी. हा मुद्दा जळगावच्या सुनेने काढला होता आणि तो सगळ्यांना पटला. मात्र त्यामुळे मंगळवारचं सकाळचं माप हुकलं. मुलांच्या वाटचं पीठ घरीच राहिलं.

बट्टीत दुसरी अडचण आली. बट्टीला जाडसर दळलेलं पीठ लागतं, रोटाचं पीठ पोळीचं, बारीक. बारीक पिठाची बट्टी भाजली की वरून कडक आणि आत गिच्च राहते. एरवी त्यात रवा मिसळतात. पण रोटात मिसळलेला रवाही रोट होतो, म्हणजे संपवायचं आणखी वाढतं. सुरतच्या काकूंनी वाट काढली: किलोला दीड वाटी तेलाचं मोहन, ओवा, हळद, मीठ, कणीक घट्ट, लाटून तेल लावून गुंडाळी, ती वीस-पंचवीस मिनिटं वाफवायची, गार झाल्यावर कापायची आणि तुपात लाल तळायची. वाफवलेल्या बट्टीला बारीक पीठ चालतं, उलट पदर चांगले सुटतात. गावात मात्र गोवरीवर भाजली आणि अपेक्षेप्रमाणे आत ओली राहिली. मग कापून पुन्हा तव्यावर परतावी लागली.

डाळीचं फार झालं नाही. उरलेली दीड-पावणेदोन किलो डाळ न धुतलेली, अख्खी होती. सोमवारच्या आणि मंगळवारच्या भाजीत, खमंग वाटून केलेल्या डाळीत ती संपली.

बुधवारी दहा वाजेपर्यंत सुरत आणि जळगावचे डबे रिकामे. गावात किलोभर खाऊन संपण्यासारखं नव्हतं. ते सोमवारपासूनच रोज पाव-पाव किलोच्या गोळ्यांनी गायीला चाऱ्याबरोबर जात होतं, शेवटचा गोळा बुधवारी सकाळी. पुण्यात ६०० ग्रॅम उरलं, दोन मुलींच्या डब्यांचं आणि एका माणसाच्या बिघडलेल्या पोटाचं. तिथे गाय नाही. फोनवर सांगितल्याप्रमाणे बादलीभर पाण्यात ते पातळ कालवून सोसायटीच्या आवारातल्या आंब्याच्या आळ्यात, खोडापासून दोन हात लांब, माती उकरून मिसळलं. आधी ते तुळशीच्या कुंडीत घालणार होते. कुंडीतल्या थोड्या मातीत इतकं पीठ आंबतं, चिलटं आणि मुंग्या येतात, तुळस जाते. मोठ्या झाडाची माती ते पचवते.

पुढच्या वर्षी

राखीला लेकी परत आल्या तेव्हा मोठ्या मायने कोठी उघडली, डिजिटल काटा मागवला आणि आपली मूठ पाच वेळा तोलायला लावली. ५२, ५६, ५४, ५७, ५४. सरासरी ५५ च्या आत, सव्वा केली की ६८ ग्रॅम. सुनेची मूठ भरली ४३ ग्रॅम. दोघींच्या मुठीने एकोणीस नावांत पावणेतीनशे ग्रॅमचा फरक पडला असता, आणि दोन्ही मापं ‘सव्वा मूठ’च. म्हणून एक जुनी पितळी वाटी निवडली, तिच्यात ६८ ग्रॅम गहू जिथवर येतात तिथे आतून खूण कोरली. ती वाटी आता कानबाईच्या पेटीत, नथीसोबत असते.

वाटीसोबत दुमडलेला एक कागद आहे. त्यावर नावांची यादी, माप, डाळ दर नावाला अर्धी वाटी, आणि मुठीच्या मापाने जमणारा स्वयंपाक: एकोणीस नावांचे सुमारे १३०० ग्रॅम गहू, चाळून मोठे सोळा-सतरा मांडे, छत्तीसांना जवळपास अर्धा-अर्धा. पोट भरायला बाकीच्या पोळ्या साध्या पिठाच्या, वेगळ्या परातीत, रोटाचं शेवटचं पीठ खापरावर गेल्यानंतर. २०२४ साली नागपंचमी शुक्रवारी ९ ऑगस्टला होती, रोट ११ ला, पौर्णिमा १९ ला. आठ दिवस हाताशी होते आणि रोट सोमवारच्या न्याहारीलाच संपले. २०२५ साली रोट ३ ऑगस्टला, पौर्णिमा ९ ला. तेव्हा नावं वीस झाली होती, सुरतला नातू झाला म्हणून.

कागदाच्या मागच्या बाजूला सुनेने स्वतःच्या माहेरचं मापही लिहून ठेवलं आहे: सव्वा शेर, म्हणजे ११६६ ग्रॅम, नावं सात, भाजी-भाकरीचे रोट. तिच्या भावाचं लग्न ठरलं आहे आणि येणारी मुलगी चोपड्याकडची आहे.